हलत्या चित्रांची सरकारी शाळा : फिल्म्स डिव्हिजनचा कार्टून विभाग

नांदेडजवळच्या विष्णुपुरीत निघणाऱ्या स्मरणिकेत मुंबईतल्या एका सरकारी विभागाचा इतिहास कशाला, असा प्रश्न वाचकाच्या मनात येणं साहजिक आहे. उत्तर आधीच देऊन टाकतो. हा विभाग सुरू झाला १९५६ साली. त्याच वर्षी, १ नोव्हेंबरला, मराठवाडा हैदराबाद राज्यातून निघून द्विभाषिक मुंबई राज्यात आला. विभागाने पहिला मोठा चित्रपट केला तो जातककथेवर, आणि त्यातल्या रेषेसाठी चित्रकार वळले अजिंठ्याकडे, म्हणजे आपल्याच मराठवाड्याकडे. भारतात मुलांसाठी हलती चित्रं करणाऱ्या माणसांची पहिली पिढी या विभागाच्या टेबलांवर वाकून शिकली. त्या काळात देशात हे शिकवणारं एकही महाविद्यालय नव्हतं. सरकारने विभाग काढला तो प्रचारपट करायला. पण माझं ठाम मत आहे की त्याच्या हातून सगळ्यात मोलाची निर्मिती झाली ती माणसांची.

आता मागून सुरुवात करू.

चित्र हलवून गोष्ट सांगायचा नाद महाराष्ट्राला जुना आहे. आपल्याच गोदावरीच्या वरच्या अंगाला, पैठणच्या नावाने ओळखली जाणारी चित्रकथींची चित्रं होती. एकामागून एक पान समोर धरून चित्रकथी रामायण-महाभारतातले प्रसंग गाऊन सांगायचा. कल्याणच्या महादेव गोपाळ पटवर्धनांनी १८९२ च्या सुमारास ‘शांबरिक खरोलिका’ नावाने दिव्याच्या उजेडात काचांवरची रंगीत चित्रं पडद्यावर टाकायला सुरुवात केली. काचा अशा बेताने सरकवायच्या की चित्रातली माणसं हातपाय हलवताहेत असं वाटावं. चलत्‌चित्राचा कॅमेरा भारतात यायच्या आधीची ही गोष्ट आहे.

दादासाहेब फाळके १९१२ साली लंडनला जाऊन कॅमेरा घेऊन आले. भांडवल उभं करायचं तर लोकांना काहीतरी करून दाखवायला हवं, म्हणून त्यांनी कुंडीत पेरलेल्या वाटाण्याचं रोज थोडं थोडं चित्रण केलं. पडद्यावर दाणा फुटून वेल वर चढताना दिसला आणि पैसे देणाऱ्याचा विश्वास बसला. एक चौकट टिपायची, थांबायचं, वस्तू बदलू द्यायची, मग पुढची चौकट टिपायची. ॲनिमेशनचं मूळ सूत्र नेमकं हेच आहे. म्हणजे ‘राजा हरिश्चंद्र’च्या आधी फाळक्यांच्या हाताला हे सूत्र लागलं होतं. पुढे १९१५ च्या सुमारास त्यांनी ‘आगकाड्यांची मौज’ केला. त्यात काड्यापेटीतल्या काड्या आपल्या आपण फिरतात आणि आकार घेतात. मुलांना खदखदून हसवणारा हा खेळ एका मराठी माणसाने पहिल्या महायुद्धाच्या काळात घडवला होता, ही गोष्ट शाळेच्या पुस्तकात ठळक अक्षरांत छापायला हवी.

बोलपट आल्यावर पुण्याच्या प्रभात फिल्म कंपनीने १९३४ साली ‘जंबू काका’ हा कार्टूनपट काढला. पुढे १९३९ मध्ये जी. के. गोखल्यांनी ‘सुपरमॅन्स मिथ’ केला. पण हे सगळे सुटे प्रयत्न राहिले. एका माणसाने चिकाटीने एक चित्रपट करायचा, त्यात हात पोळायचे, की दुसऱ्याने पुन्हा पहिल्यापासून सुरुवात करायची. विद्या पुढे जायची तर चार लोकांनी एका छताखाली बसून रोज तेच काम करावं लागतं. ते छत १९५६ साली मिळालं.

फिल्म्स डिव्हिजन ही केंद्र सरकारची माहितीपट आणि समाचारचित्रं काढणारी संस्था १९४८ साली मुंबईत स्थापन झाली. पन्नाशीच्या दशकात तिथे जहांगीर भावनगरी हे मोठे अधिकारी होते. अधिकारी म्हटलं की आपल्या डोळ्यांसमोर जे चित्र येतं त्यात हा माणूस बसत नाही. ते जादूचे प्रयोग करत, मातीची भांडी घडवत आणि चित्रपटही करत. त्यांचा ‘राधा अँड कृष्णा’ हा जुन्या लघुचित्रांवर कॅमेरा फिरवून केलेला चित्रपट आहे. त्यात एकही चित्र हलत नाही, तरी पाहणाऱ्याला सगळं हलल्यासारखं वाटतं. कार्टून विभाग उभा राहिला तो अशा माणसांच्या काळात.

शिकवायला मात्र कोणीतरी बाहेरून आणणं भाग होतं. अमेरिकेच्या तांत्रिक सहकार्याच्या योजनेतून क्लेअर वीक्स आले. वीक्स हे डिस्नेच्या स्टुडिओतले ॲनिमेटर. ‘स्नो व्हाइट’, ‘बॅम्बी’, ‘पीटर पॅन’ या चित्रपटांवर त्यांनी काम केलं होतं. मिशनरी आईवडिलांच्या पोटी ते भारतातच जन्मले होते, त्यामुळे हा देश त्यांना नवखा नव्हता. त्यांच्या समोर जी मुलं बसली त्यांत रसायनशास्त्र शिकून चित्रांकडे वळलेले राम मोहन होते. विभागात काम केलेल्यांमध्ये ‘सुपरमॅन्स मिथ’वाले गोखले होते; पुढे शेंडगे, सामंत, सेन, सरैय्या अशी नावं त्या यादीत येतात. यातली मराठी नावं मुद्दाम लक्षात ठेवावीत. एक नाव पुढे पुन्हा येणार आहे.

पहिला चित्रपट ठरला ‘द बन्यान डिअर’, साल १९५७. न्यग्रोधमृग जातकाची ही कथा. वाराणसीच्या राजाला रोज हरणाचं मांस लागायचं. शिकारीच्या धांदलीत कळपच्या कळप जखमी होत, म्हणून हरणांनीच ठरवलं की चिठ्ठी टाकून रोज एकाने आपण होऊन जायचं. एके दिवशी पाळी आली गाभण हरिणीवर. तिच्या कळपाच्या नायकाने कानांवर हात ठेवले. तेव्हा दुसऱ्या कळपाचा राजा, वडाच्या झाडाखालचा सोनेरी हरीण, स्वतः जाऊन वधाच्या ओंडक्यावर मान ठेवून उभा राहिला. राजा ते पाहून विरघळला. त्याने त्या हरणाला अभय दिलं, मग सगळ्या हरणांना, मग चतुष्पाद, पक्षी, मासे अशा सगळ्यांना.

अजिंठ्याच्या सतराव्या लेण्यात ही कथा भिंतीवर रंगवलेली आहे. विभागाच्या चित्रकारांसमोर वीक्सच्या हातातली डिस्नेची रेष होती: गोलसर, लवचीक, मोठमोठ्या डोळ्यांची. ‘बॅम्बी’चं हरीण त्याच रेषेतलं. आणि दुसरीकडे अजिंठ्याची रेष होती, जी वळते तीही मान राखून. या दोन रेषांचा मेळ पहिल्याच चित्रपटात पूर्णपणे बसला असं मी म्हणणार नाही. हरणाच्या चालीत अमेरिका दिसते आणि माणसांच्या मुद्रांमध्ये, वेशांत अजिंठा दिसतो. पण परदेशी गुरूकडून तंत्र घेताना विषय आणि चेहरा घरचा ठेवायचा, हा निर्णय पहिल्या दिवशी झाला. वीक्सनीही तो होऊ दिला, याबद्दल त्यांना मनापासून श्रेय द्यायला हवं. शिष्यांना आपल्यासारखं काढायला लावणं हे कुठल्याही गुरूला सर्वांत सोपं असतं.

हे काम प्रत्यक्षात कसं चालायचं ते इथे जरा सविस्तर सांगतो, कारण आजच्या मुलांना संगणकामुळे त्यातला अर्धा भाग दिसतच नाही.

टेबलाच्या मधोमध दुधी काच आणि काचेखाली दिवा. काचेच्या कडेला खुंट्यांची पट्टी. प्रत्येक कागदाला त्या मापाची भोकं पाडलेली. कागद खुंट्यांवर बसला की तसूभरही हलत नाही. खालच्या कागदावर हरणाचा उचललेला पाय, वरच्यावर टेकलेला. दोन्हीमधून उजेड येतो. मुख्य ॲनिमेटर ही दोन टोकाची चित्रं काढतो आणि मधली चित्रं त्याचा मदतनीस भरतो. दोन बोटांत कागद धरून भराभर मागेपुढे उलटायचे, पाय नीट पडतोय का ते डोळ्यांनी तपासायचं, खोडायचं, पुन्हा काढायचं. पेन्सिलीचं काम पास झालं की पारदर्शक सेलवर शाईने गिरवायचं. मग तो सेल उलटा करून मागच्या बाजूने रंग भरायचा, म्हणजे समोरून शाईची रेघ स्वच्छ राहते. बोटांचे ठसे उमटू नयेत म्हणून हातात सुती मोजे घालायचे. शेवटी रंगवलेल्या पार्श्वभूमीवर सेल ठेवून वरून खाली रोखलेल्या कॅमेऱ्याने चौकट टिपायची, सेल काढायचा, पुढचा ठेवायचा.

पडद्यावर एका सेकंदाला २४ चौकटी लागतात. एका मिनिटाला १,४४०. दहा मिनिटांच्या चित्रपटाला १४,४००. एक चित्र दोनदा टिपून काम भागवलं तरी ७,२०० वेगवेगळी चित्रं होतात, आणि एका चौकटीत दोन-तीन पात्रं असतील तर तितके थर वेगळे. एवढं काम करून हाती लागायचा तो मुख्य सिनेमाआधी दाखवला जाणारा छोटा चित्रपट. खाजगी निर्मात्याने कशासाठी यात पैसा घालावा? म्हणूनच त्या काळात हे काम सरकारी पगारावर झालं आणि तसंच होणं शक्य होतं.

तो चित्रपट आपल्यापर्यंत येण्याची वाटही सरकारनेच आखून ठेवली होती. सिनेमागृहाच्या परवान्याची अटच अशी की प्रत्येक खेळाआधी ठराविक लांबीचे मंजूर माहितीपट किंवा समाचारचित्रं दाखवायची आणि त्याचं भाडं म्हणून उत्पन्नाचा एक टक्का भरायचा. थिएटरवाले या अटीवर कुरकुरत. प्रेक्षकांतले बरेचजण ‘पिच्चर’ सुरू होईपर्यंत बाहेर विडी ओढत थांबत. पण नांदेडच्या थिएटरांत आणि माळेगावच्या खंडोबाच्या यात्रेत लागणाऱ्या तंबूंत मुलं पुढच्या रांगेत आधीच जागा धरून बसलेली असत. मीही त्यांतलाच. धरणं, पूल, मंत्र्यांचे दौरे यांच्या मध्येच कधीतरी रेषेतला माणूस टुणकन उडी मारून यायचा. अवघी काही मिनिटं. पण तेवढ्याचसाठी आम्ही वेळेआधी जात असू.

साठच्या दशकात विभागाला प्रमोद पती नावाचा माणूस लाभला. ओडिशातले पती चेकोस्लोव्हाकियात जाऊन बाहुलीपटांचा जगप्रसिद्ध कलावंत यिर्झी त्रन्का याच्याकडे शिकून आले होते. कुटुंबनियोजनासारख्या विषयावरही त्यांनी काही वेगळं करून पाहिलं. ‘एक्सप्लोरर’, ‘ट्रिप’, ‘अबिद’ हे त्यांचे चित्रपट आजही नवे वाटतात. ‘अबिद’मध्ये तर चित्राऐवजी जिवंत माणसालाच चौकट चौकट करून हलवलं आहे. १९७५ साली पती अकाली गेले. राम मोहन यांच्या ‘होमो सॅप्स’ला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. मिनू मसानींच्या पुस्तकावरून विभागाने ‘धिस अवर इंडिया’ केला. शाळकरी वाचकांसाठी लिहिलेलं देशाचं अर्थशास्त्र हलत्या चित्रांतून सांगायची ती धडपड होती.

इथे एक गोष्ट बोलायलाच हवी. मुलांसाठी म्हणून चित्रपट काढायचं काम या विभागाकडे कधीच मुख्य म्हणून आलं नाही. विषय मंत्रालयांकडून येत: कुटुंबनियोजन, बचत, आरोग्य, राष्ट्रीय एकात्मता. मुलांसाठी सरकारने ११ मे १९५५ रोजी वेगळी संस्था काढली होती, बालचित्र समिती. तिचं काम बरंचसं नटांच्या चित्रपटांचं होतं. केदार शर्मांचा ‘जलदीप’ हा तिचा पहिला चित्रपट व्हेनिसला गौरवला गेला. व्ही. शांताराम, सई परांजपे अशा मराठी माणसांनी पुढे या समितीचं अध्यक्षपद सांभाळलं. सईंनी समितीसाठी ‘जादू का शंख’ आणि ‘सिकंदर’ केले. पण ज्यांना चित्रं हलवता येत होती त्यांच्याकडे मुलं नव्हती आणि ज्यांच्याकडे मुलं होती त्यांच्याकडे चित्रं हलवणारे हात फारसे नव्हते. या दोन संस्था पुढे एकाच आवारात नांदल्या, तरी त्यांची गाठ नीट पडली नाही. माझ्या मते या सगळ्या इतिहासातली ही सर्वांत मोठी हुकलेली संधी.

तरीही एक चित्रपट असा झाला की त्याने ती उणीव बरीच भरून काढली. ‘एक अनेक और एकता’, साल १९७४.

त्यामागे होत्या विजया मुळे. जन्म १९२१, मुंबई. लग्नानंतर पाटण्याला गेल्या, तिथे फिल्म सोसायटीच्या कामात पडल्या, इंग्लंडात लीड्सला शिक्षणशास्त्र शिकल्या. १९५९ साली देशातल्या फिल्म सोसायट्यांचा महासंघ झाला तेव्हा सत्यजित राय अध्यक्ष होते आणि विजयाबाई सहसचिव. शिक्षण खात्यातली अधिकारी आणि सिनेमावेडी रसिक अशा दोन्ही बाजू त्यांच्यात पहिल्यापासून होत्या. फिल्म्स डिव्हिजनने प्रदर्शित केलेल्या या चित्रपटाचं दिग्दर्शन त्यांचं, आणि चित्रं व ॲनिमेशन भीमसैन यांचं. भीमसैन १९६१ मध्ये फिल्म्स डिव्हिजनमध्ये पार्श्वभूमी रंगवायला लागले आणि तिथेच ॲनिमेशन शिकले. बाहेर पडून त्यांनी केलेल्या ‘द क्लाइम्ब’ला शिकागोच्या महोत्सवात सिल्व्हर ह्यूगो मिळाला. संगीत वसंत देसाईंचं. हे देसाई प्रभातच्या आवारातच घडले, ज्या प्रभातने ‘जंबू काका’ काढला होता. गाणारी मुलगी होती साधना घाणेकर, पुढची साधना सरगम.

बागेत मुलं खेळताहेत. धाकटा भाऊ ताईला विचारतो, एकी म्हणजे काय? ताई पाखरांची गोष्ट सांगते. पारध्याच्या जाळ्यात अडकलेली पाखरं एकदम उडतात आणि जाळं घेऊन निघून जातात. गोष्ट पंचतंत्रातली, आपल्या आजीच्या तोंडची. ही चित्रं पुन्हा पाहताना लक्ष द्यावं ते त्यांच्या साधेपणाकडे: सपाट रंग, मोजक्या रेषा, मोठी मोकळी जागा. पैसे कमी होते म्हणून हे असं झालं, एवढंच म्हणून चालणार नाही. लहान मुलाची नजर कुठे ठरते हे ओळखून काढलेली ही चित्रं आहेत. पाखरं जाळ्यासकट वर उठतात तेव्हा नजर त्यांच्यावरच खिळते. त्या वर्षी या चित्रपटाला सर्वोत्तम शैक्षणिक चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, आणि दूरदर्शनने तो ऐंशीच्या दशकात इतक्यांदा दाखवला की त्या पिढीतल्या कुणालाही पहिले दोन सूर ऐकवले की पुढचं तो गातो. नांदेड-लातूरकडे टीव्हीचे अँटेना घराघरांवर चढले तेव्हा आमच्या गल्लीतल्या मुलांना हिंदी फारसं येत नव्हतं, पण हे गाणं तोंडपाठ होतं.

विजयाबाई पुढे दिल्लीच्या शैक्षणिक तंत्रज्ञान केंद्राच्या प्रमुख झाल्या. १९७५-७६ साली उपग्रहावरून सहा राज्यांतल्या २,४०० खेड्यांत टीव्ही दाखवण्याचा जो प्रयोग झाला, त्यासाठी मुलांचे कार्यक्रम त्यांच्या केंद्राने केले. त्या प्रयोगात महाराष्ट्र नव्हता, पण आपल्या शेजारचा गुलबर्गा जिल्हा होता. महाराष्ट्राच्या वाट्याला पुण्याची बालचित्रवाणी आली ती १९८४ साली. तिने मराठीतून मुलांसाठी हजारो कार्यक्रम केले, आणि २०१७ मध्ये ती बंद झाली. त्यावर स्वतंत्र लेख व्हायला हवा आणि तो कोणीतरी तळमळीनेच लिहायला हवा.

१९७४ हे साल इंग्लंडातही मुलांच्या चित्रांसाठी मोठं ठरलं. ऑलिव्हर पोस्टगेट आणि पीटर फर्मिन या दोन मित्रांनी केलेली ‘बॅगपस’ ही मालिका त्याच वर्षी फेब्रुवारीत बीबीसीवर सुरू झाली. भाग फक्त १३. गोष्ट एका दुकानातल्या जुन्या कापडी मांजराची. पोस्टगेट लिहायचे, आवाज द्यायचे आणि कॅमेरा चालवायचे. फर्मिन बाहुल्या आणि देखावे करायचे. स्टुडिओ होता कँटरबरीजवळ फर्मिनच्या शेतावरचा गोठा. ‘क्लॅंगर्स’ आणि ‘आयव्हर द इंजिन’ही तिथलेच. एका माणसाने एका वेळी एक चौकट हलवली आणि दोन पिढ्यांचं बालपण त्यावर पोसलं. ही गोष्ट मुंबईच्या विभागाशेजारी ठेवून पाहिली की एक खरं कळतं. या कामाला मोठं शहर लागत नाही. उजेडाचं टेबल, वेळ, आणि काम जाणणारा एक शिक्षक लागतो. शिक्षक मात्र लागतोच. पोस्टगेटना तो नव्हता, ते करून करून शिकले. आपल्याकडे पहिल्या पिढीला वीक्स मिळाले आणि तिने पुढच्यांना शिकवलं.

आता विभागातून बाहेर पडलेली माणसं कुठे गेली ते पाहू.

राम मोहन साठच्या दशकाच्या शेवटी बाहेर पडले आणि १९७२ मध्ये त्यांनी स्वतःचा स्टुडिओ काढला. मृणाल सेन यांच्या ‘भुवन शोम’मधली आणि सत्यजित राय यांच्या ‘शतरंज के खिलाडी’मधली रेखाचित्रं त्यांची. जपानच्या युगो साको आणि कोइची सासाकी यांच्याबरोबर त्यांनी ‘रामायण : द लीजंड ऑफ प्रिन्स राम’ केला. पण त्यांच्या सगळ्या कामात मला सगळ्यात जवळची वाटते ती मीना. युनिसेफसाठी दक्षिण आशियातल्या मुलींवर केलेली ही मालिका. पहिल्या गोष्टीत मीनाला शाळेत जाऊ देत नाहीत. मग तिचा पोपट मिठू शाळेच्या खिडकीत बसून अंक शिकतो आणि घरी येऊन तिला शिकवतो. अंक आले म्हणून कोंबड्या मोजता येतात, मोजता आल्या म्हणून एक कमी असल्याचं कळतं, आणि चोर पकडला जातो. बांगलादेश, भारत, नेपाळ, पाकिस्तान या चारही देशांत मीना ओळखीची झाली. मुलगी शिकली पाहिजे हे भाषणातून सांगणं आणि एका कोंबडीच्या गोष्टीतून दाखवणं यात जो फरक आहे, तो ओळखणारा माणूस सरकारी विभागात घडला होता. २०१४ मध्ये त्यांना पद्मश्री मिळाली. ऑक्टोबर २०१९ मध्ये ते गेले. विजयाबाई त्याच वर्षी मे महिन्यात गेल्या होत्या, आणि भीमसैन २०१८ मध्ये.

मघाशी एक नाव पुन्हा येईल म्हणालो होतो, ते व्ही. जी. सामंतांचं. २१ ऑक्टोबर २००५ रोजी ‘हनुमान’ प्रदर्शित झाला. हाताने काढलेल्या चित्रांचा हा पूर्ण लांबीचा भारतीय चित्रपट थिएटरांत चालला; मुलांच्या दप्तरांवर, डब्यांवर बाल हनुमान आला. दिग्दर्शक सामंत, सहदिग्दर्शक मिलिंद उके. आयुष्यभर सरकारी टेबलावर दोन-दोन, पाच-पाच मिनिटांची कामं केलेला माणूस उतारवयात दीड तासाचा चित्रपट उभा करतो आणि तो देशभर चालतो, याचा मराठी माणसाने अभिमान बाळगायला हवा तेवढा आपण बाळगलेला नाही.

बालचित्र समितीनेही शेवटच्या वर्षांत एक देखणं काम केलं. शिल्पा रानडे या मुंबई आयआयटीच्या डिझाइन केंद्रात शिकवणाऱ्या कलावतीने ‘गोपी गवैया बाघा बजैया’ हा चित्रपट केला. निर्मिती समितीची, आणि ॲनिमेशन सौमित्र रानडे यांच्या सहभागातल्या पेपरबोट स्टुडिओचं. बंगालीतली जुनी गोष्ट, पण चेहरे भारतीय लोकचित्रांतून आणि छायाबाहुल्यांतून आलेले. ‘बन्यान डिअर’ने १९५७ मध्ये जो प्रश्न अर्धा सोडवला होता, त्याचं इतकं पूर्ण उत्तर मला दुसरीकडे दिसलेलं नाही. २०१३ मध्ये तो टोरांटोच्या महोत्सवात गेला. भारतातल्या थिएटरांत आला मार्च २०१९ मध्ये. मधल्या सहा वर्षांत ज्या मुलांसाठी तो केला होता ती मुलं कॉलेजात गेली. याचा राग येतो, आणि तो यायलाच हवा.

२०२२ साली फिल्म्स डिव्हिजन आणि बालचित्र समिती या दोन्ही संस्था राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन झाल्या. डिव्हिजनच्या आवारातल्या गुलशन महालात आता भारतीय सिनेमाचं राष्ट्रीय संग्रहालय आहे. ते जानेवारी २०१९ मध्ये सुरू झालं. डिव्हिजनच्या खात्यावर आठ हजारांहून अधिक चित्रपट जमा आहेत, आणि त्यांतले बरेच आज घरबसल्या पाहता येतात. ‘बन्यान डिअर’ही.

विष्णुपुरीत अभियांत्रिकी महाविद्यालय १९८१ पासून आहे, स्वामी रामानंद तीर्थ विद्यापीठ १९९४ पासून. विद्यापीठात माध्यमशास्त्र शिकवलं जातं, ललित कलाही शिकवल्या जातात. यंत्र जाणणारी मुलं आणि चित्र जाणणारी मुलं इथे हाकेच्या अंतरावर राहतात, आणि अजिंठा एका दिवसात गाठता येतो. या मुलांपैकी जे ॲनिमेशनकडे वळतात ते पुण्या-मुंबईची वाट धरतात, कारण शिकवणारे तिथे आहेत. कार्टून विभागात काम केलेली, आता निवृत्त झालेली माणसं महाराष्ट्रात आहेत. त्यांतलं कुणी मूळचं मराठवाड्याचं असेल, किंवा कुणाच्या घरी जुने सेल, पेन्सिलीची चित्रं, खुंट्यांची पट्टी, १६ मिलिमीटरचं एखादं रीळ पडून असेल, तर त्यांनी या स्मरणिकेच्या संपादकांना जरूर कळवावं. एखादा आठवडा इथे येऊन राहिलात तर टेबल, काच आणि दिवा आम्ही तयार ठेवू.